राब ज्यानं पेटवला

गेनूला दिल्लीत सगळे ज्ञानदेवजी म्हणतात. टीव्हीवरची बाई हे नाव इतकं लाडानं घेते की मला हसू येतं. आमच्या वाडीत कुणी ज्ञानदेव अशी हाक मारली असती तर मागं वळून बघणारं एक माणूस निघालं नसतं, तो स्वतःसुद्धा नाही. तो गेनू, आणि त्याच्याहून थोडी मोठी मी हौसा, त्याची आक्का. आज तो देशाच्या मंत्रिमंडळात आहे, त्याच्या मागंपुढं गाड्या धावतात. आंदर मावळातल्या डोंगराच्या कुशीतल्या, पुढं रस्ताच नाही अशा वाडीतला पोरगा तिथवर गेला याचं लोकांना फार कौतुक. मलाही आहे. नाही म्हणाले तर जीभ झडेल. पण त्या वाटेवरचं पहिलं पाऊल त्यानं कसं टाकलं ते तो सांगतो तसं नाही. खरं काय ते ठाऊक असलेली माणसं आता दोनच उरली आहेत, एक तो आणि एक मी. त्याला सांगायचं नाही, तेव्हा मलाच लिहायला हवं.

आमचं घर अर्धं माणसांचं आणि अर्धं गुरांचं होतं. मधे एक कुडाची भिंत, तीही कमरेएवढीच. त्यामुळे निजल्यावर बैलांचा श्वास आणि वडिलांचं, म्हणजे आबांचं, घोरणं एकमेकांत मिसळून जायचं. पहाटे आई जात्यावर बसली की सगळं घर थरथरायचं आणि आम्हा पोरांची झोप त्या घरघरीतच आणखी गाढ व्हायची. वारा पडलेला असला की डोंगरापलीकडून, कान्ह्याच्या बाजूनं, आगीनगाडीची शिट्टी यायची. वाडीत घड्याळ कुणाकडंच नव्हतं. आबा त्या शिट्टीवर बैल सोडायचे आणि गाडी उशिरा आली तर बैलांनाही उशीर व्हायचा. मी ती गाडी पाहिली नव्हती तेव्हापासून तिची शिट्टी ओळखत होते.

खाण्याचं म्हणाल तर आमच्या खाचरात आंबेमोहर पिकायचा आणि आम्ही नाचणी खायचो. आंबेमोहर बाजारात जायचा. घरात उरायच्या त्या कण्या, त्याही सणाला. एरवी नाचणीची भाकरी आणि खरडा. कधी आबा कामशेतच्या बाजारातून सुकट आणायचे, त्या दिवशी गेनू चुलीपासून हलायचा नाही. मला मात्र तो वास सहन व्हायचा नाही. मी सुकट कधी तोंडाला लावली नाही, अजूनही लावत नाही, आणि यावरून घरात माझी टिंगल व्हायची की ही बामणाच्या घरी जन्मायची ती वाट चुकली. आई बोलायची खूप, पण सुकट केली की माझ्यासाठी खरडा वेगळा वाटून ठेवायची. एवढी गोष्ट वाचणाऱ्यानं ध्यानात ठेवावी.

शाळा देवळाच्या ओवरीत भरायची. गुरुजी तळेगावचे, आठवडाभर वाडीत राहायचे आणि शनिवारी दुपारी धोतराचा काचा मारून डोंगर उतरायचे. त्यांनी आम्हा दोघांची नावं एकाच दिवशी शाळेत घातली, तेव्हा आबांनी सांगून टाकलं की एक पोर शाळेत बसंल आणि एक पोर गुरांमागं जाईल, दोन्ही पोरं बसली तर गुरं काय गुरुजी राखणार का. मग दिवसाआड ठरलं. एक दिवस गेनूचा, एक दिवस माझा. ज्याचा दिवस असेल त्यानं संध्याकाळी चुलीपुढं बसून दुसऱ्याला शिकवायचं. गुरुजींनीही पहिले काही दिवस कपाळाला आठ्या घातल्या आणि मग हजेरीत दोघांनाही हजर मांडायला सुरुवात केली. ते म्हणायचे, पोर एकच आहे, फक्त एक दिवस परकर नेसून येतं आणि एक दिवस चड्डी घालून.

हा दिवसांचा हिशेब आमच्या घरात देवासारखा पाळला जायचा. मला ताप आला म्हणून गेनू माझ्या दिवशी गेला, असं एकदाही झालं नाही. तापात पडलेली असले तरी तो गुरांमागंच जायचा, कारण दिवस आक्काचा. एकदा उलट झालं. त्याच्या पायात काटा मोडला होता आणि मी म्हणाले मी जाते शाळेत, तर तो लंगडत लंगडत देवळापर्यंत गेला. ‘दिवस कुनाचा?’ एवढंच तो विचारायचा, आणि उत्तर ठरलेलं असायचं. आज संसदेत लोक त्याला नियमाचा पक्का म्हणतात ते खोटं नाही, नियम त्याला लहानपणापासून चांगला कळतो. नियमाला भोक कुठं असतं तेही.

शिकवण्यात आम्हा दोघांचं फार वेगळं होतं. मी गुरुजींनी सांगितलं तेवढं आणि तसंच सांगायची. गेनू शिकवायला बसला की आबासुद्धा तंबाखू मळायचे थांबायचे. तो इतिहास सांगताना उभा राहायचा, उलथनं तलवारीसारखं फिरवायचा आणि मधेच आवाज खाली आणायचा. दुसऱ्या दिवशी मी शाळेत ते सांगितलं तर गुरुजी म्हणाले, यातली एक लढाई मी शिकवलेली नाही, ती कुठून आली? ती गेनूनं घातली होती. मी घरी येऊन भांडले तर म्हणाला, तेवढ्यावाचून गोष्ट पुढं जात नव्हती. गणित मात्र तो माझ्याकडून शिकला. हे त्यानंही कधी नाकारलं नाही.

सातवीचं वर्ष सरत आलं तेव्हा एका संध्याकाळी गुरुजी आमच्या अंगणात आले. आईनं त्यांना गुळाचा कोरा चहा दिला. गुरुजींनी सांगितलं की लोणावळ्याला एक वसतिगृह आहे, मुलांचं घर वेगळं आणि मुलींचं वेगळं, जेवणखाण फुकट आणि शेजारीच हायस्कूल. दर शाळेतून एक पोर घेतात, पण आधी तिथं जाऊन परीक्षा द्यायची. आमच्या शाळेत परीक्षा द्यायला बसवावं असं पोर एकच आणि ते दोघांत वाटलेलं. गुरुजी हसले आणि म्हणाले, हुशारीत डावं-उजवं करायला मला जमत नाही, तुमचं तुम्हीच ठरवा.

लोणावळा मी एकदाच पाहिला होता. करवंदांची पाटी डोक्यावर घेऊन आबांबरोबर गेले होते, मुंबईच्या लोकांचे बंगले आहेत त्या बाजूला. धुकं होतं. त्या धुक्यातून मुलींची एक रांग आली, सगळ्यांना दोन दोन वेण्या, वेण्यांना तांबड्या फिती, छातीशी पुस्तकं. त्यांच्यातली एक मला बघून हसली आणि रांग पुढं गेली. एवढंच. पण त्या दिवसापासून गुरांमागं बसले की मी परकराची चिंधी फाडून दोन वेण्या घालून बघायची आणि वाडी दिसायला लागली की सोडून टाकायची. गुरुजी बोलत होते तेव्हा मला ती रांग दिसत होती.

गेनूच पुढं झाला. म्हणाला, ठरवायचं काय त्यात, दिवस मोजा. त्यानं मडक्यातले चिंचोके आणले, गुरुजींपुढं मांडले, आजपासून परीक्षेच्या दिवसापर्यंत एक माझा एक आक्काचा असे सरकवत नेले आणि शेवटचा चिंचोका माझ्यापुढं ठेवला. ‘आक्काचा दिवस,’ तो म्हणाला. गुरुजींनी त्याच्या पाठीवर थाप मारली. आबांनी मळलेली तंबाखू तोंडात टाकली. मग म्हणाले की गुरुजी, पोरींना कुणी बाहेर ठेवत नाही आमच्यात, पण दिवस तिचा आहे तर ती जाईल, माझा शब्द आहे. आई चहाची भांडी उचलून आत निघून गेली. मला ते तेव्हा काही वाटलं नाही. मी इतकी आनंदात होते की रात्री गुरांच्या अंगणात उभी राहून बैलाच्या गळ्यात पडले होते, आणि बैलाला काय कळणार, तो आपला रवंथ करत राहिला.

आता राबाचं सांगितल्यावाचून पुढं जाता येत नाही. आमच्याकडं भाताचं रोप जिथं पेरायचं ती जमीन उन्हाळ्यात भाजून काढतात. आधी शेणाचा थर, त्यावर झाडांचा तोडलेला टहाळ, पालापाचोळा, गवत आणि वरून भुसभुशीत माती. वारा पडलेला असताना सकाळी एका कडेनं पेटवायचं. राब भडकू द्यायचा नसतो, तो आतल्या आत धुमसत पुढं सरकला पाहिजे. म्हणून हातात हिरवी डहाळी घेऊन बाजूला उभं राहायचं, कुठं जाळ उठला की थोपटायचा, आणि जवळ पाण्याची कळशी ठेवायची. आजूबाजूला सगळं वाळलेलं असतं, पेंढ्याच्या गंज्या असतात, घरं गवतानं शाकारलेली. आमच्या खालच्या वाडीत कुणी एकजण राब पेटवून तंबाखू आणायला घरी गेला होता, तेवढ्यात वारा सुटला आणि वाडीच राहिली नाही. ती माणसं मग आमच्यात येऊन राहिली. तेव्हापासून आमच्याकडं एक रीत होती. ज्यानं राब पेटवला त्यानं तो विझेस्तोवर जागचं हलायचं नाही. दुसऱ्याला सांगून जायचं नाही, हाक मारली तरी जायचं नाही. माझी धाकटी बहीण जन्मली तेव्हा आबा राबावर होते. सुईण तिथं जाऊन ओरडून सांगून आली, आबांनी फक्त मान हलवली, आणि बहीण दिवसाचीही न होता गेली तेव्हाही ते राबावरच होते. कुणी त्यांना बोल लावला नाही. हे पोरासोरांनासुद्धा ठाऊक होतं.

परीक्षेच्या दिवशी आईनं मला अंधारातच उठवलं, न्हाऊ घातलं आणि माझी वेणी घातली. दोन वेण्या घाल असं मी भीत भीत म्हणाले. तिनं दोन घातल्या. इतक्या घट्ट की डोळे ताणले गेले. एरवी माझे केस विंचरताना तिची बडबड सुरू असायची, ऊ निघाली की शिव्या, गुंता निघाला की शिव्या. त्या सकाळी तिच्या तोंडातून चकार शब्द निघाला नाही. खुंटीला भाकरीचं फडकं बांधून लटकवलेलं होतं. गुरुजी आदल्या दिवशीच सांगून गेले होते की उजाडल्यावर मी वाडीखालच्या आंब्याशी थांबतो, तिथून कान्ह्यापर्यंत चालत आणि मग गाडीनं. मी सगळं आवरून तयार होते आणि उजाडायला अजून थोडा वेळ होता.

तेव्हा गेनू आला. त्या दिवशी वरच्या खाचरातला राब भाजायचा होता आणि ते काम त्याचं होतं. माझ्याकडं बघून म्हणाला की दोन वेण्यांत तू मास्तरीण दिसतेस. मग म्हणाला, ‘आक्के, तुजा हातगुण चांगला हाये. तू पेटवलेल्या राबाचं रोप कसं हिरवंगार येतं. आता तू जानार, मग कवा घरचा राब पेटवशील? जाता जाता तूच पेटव, मी राखतो.’

मला अजून आठवतं की माझ्या डोळ्यांत पाणी आलं होतं. आपण जातोय याचं याला वाईट वाटतंय, असं मला वाटलं. आमच्या घरात माझ्या हातगुणाचं खरंच कौतुक होतं, मिरच्यांपासून भातापर्यंत पहिलं बी माझ्या हातनं टाकायचे. राब त्याचा आणि राखणारही तोच, मी नुसता हात लावते, असं मनाशी म्हणून रीत मी बाजूला ठेवली. मी चुलीतला निखारा शेणकुटावर घेतला, वरच्या खाचरात गेले आणि राबाची कडा पेटवली. धूर उठला. गेनू शेजारीच उभा होता. म्हणाला, ‘कळशी घरीच ऱ्हायली. आलोच घिऊन.’ आणि उड्या मारत बांधावरून खाली गेला.

मी डहाळी घेऊन उभी राहिले. राब छान धुमसत होता. पूर्वेकडं उजळलं. गेनूला कळशी भरायला इतका वेळ का लागतो म्हणून मी एकदा हाक मारली. मग पुन्हा मारली. मग खाली आंब्याकडं नजर गेली. आंब्यापासून दोन माणसं निघाली होती, एक धोतरातलं आणि एक लहान, आणि त्या लहान माणसाच्या खांद्याला भाकरीचं फडकं होतं.

मी ओरडले. किती ओरडले ते मला माहीत नाही. गेनू थांबला, वळला आणि त्यानं हात वर केला. गुरुजीही थांबले आणि त्यांनीही हात वर केला. त्यांना वाटलं असेल की पोरगी वरून भावाला निरोप देते आहे. माझ्या पायापुढं राब होता, राबाच्या पलीकडं शेजारच्या म्हाताऱ्या भागूआबांची पेंढ्याची गंजी आणि तिच्या पलीकडं सगळी वाडी. मी दोन पावलं टाकली, बांध उतरलेसुद्धा. मग धुरातून एक ज्वाळ निघाली आणि मी मागं फिरले. थोपटत राहिले. पुन्हा वळून बघितलं तेव्हा वाट रिकामी होती. त्याला ठाऊक होतं की मी राब सोडणार नाही. वाडीतल्या दुसऱ्या कुणाची त्याला एवढी खात्री वाटली नसती.

थोड्या वेळानं भागूआबा काठी टेकत आले. धुतलेलं पोलकं, दोन वेण्या आणि काजळी लागलेलं तोंड बघून त्यांनी विचारलं, ‘हौसे, तू जानार हुतीस न्हवं?’ मी म्हणाले, ‘व्हय.’ ते माझ्याजवळ धोंड्यावर बसले. वारा पडलेला होता. कान्ह्याच्या बाजूनं शिट्टी ऐकू आली, अगदी स्वच्छ. राब दुपार कलेपर्यंत धुमसत होता. मी राख थंड होईस्तोवर तिथंच होते. कळशी आली नाही.

संध्याकाळी गेनू परत आला तो चिक्कीचा तुकडा घेऊन. गुरुजींनी त्याला लोणावळ्यात चिक्की घेऊन दिली होती, त्यातली अर्धी त्यानं माझ्यासाठी ठेवली होती. ती माझ्यापुढं धरून उभा राहिला. मी हात पुढं केला नाही तेव्हा त्यानं ती माझ्याजवळ जमिनीवर ठेवली आणि खांद्यावरचं फडकं सोडून खुंटीला अडकवलं. आणि मला वास आला. फडक्याला सुकटीचा वास येत होता.

मला कळायला थोडा वेळ लागला. भाकरी तर माझ्यासाठी बांधली असं मला वाटलं होतं. पहाटे, मला न्हाऊ घालायच्याही आधी. माझ्यासाठी बांधली असती तर त्यात खरडा असता. म्हणजे मला न्हाऊ घालत होती, दोन वेण्या घालत होती, तेव्हा आईला ठाऊक होतं की परीक्षेला कोण जाणार आहे. मी आईकडं बघितलं. ती भाकरी थापत होती आणि तिनं मान वर केली नाही.

गेनू बाहेर गेल्यावर मी तिला विचारलं. तिनं तव्यावरची भाकरी उलटली, चुलीतलं लाकूड मागं ओढलं आणि मग बोलली. ‘आबांनी गुरुजींस्नी शबूद दिल्ता. त्यो मोडायचा न्हवता. गेनू म्हनला, राब आक्काकडनं पेटवू, म्हंजी कुनाचाच शबूद मोडत न्हाई.’ मी म्हणाले, आई, दिवस माझा होता. ती म्हणाली, ‘तुजाच हुता. पर हौसे, तू शिकून कुनाच्या घरी जानार? त्यो शिकला तर ह्या घराला वर काडंल.’ आणि ताटलीत भाकरी आणि खरडा घालून तिनं माझ्यापुढं सरकवली. खरडा त्या दिवशीही वेगळा वाटला होता.

आबांना ठाऊक होतं की नाही, ते मला कधीच कळलं नाही. त्यांनी विचारलं नाही, मी सांगितलं नाही. पण त्या उन्हाळ्यात ते माझ्याशी एकटं बसायचं टाळत. त्या दिवशी आमच्या घरात कुणाचाही शब्द मोडला नाही, असं ते सगळे शेवटपर्यंत मानत राहिले.

सोमवारी गुरुजी तळेगावहून आले ते थेट मला शोधत गोठ्यात आले. गेनू पहिल्या झटक्यात निवडला गेला होता. गुरुजींनी माझ्या डोक्यावर हात ठेवला. म्हणाले, ‘पोरी, गेनूनं सगळं सांगितलं मला वाटेत. तू म्हणालीस, गेनू तूच जा, मी राबाला बसते. फार मोठं मन आहे तुझं.’ मी म्हणाले, गुरुजी, मी असं म्हणाले नाही. ते हसले, त्यांचे डोळे भरून आले. आणि असं मन असलेलं माणूस असंच म्हणणार, असं म्हणून ते गेले. ती गोष्ट जगात पहिल्यांदा सांगितली गेली ती वाडीखालच्या आंब्यापासून कान्ह्याच्या वाटेवर. सांगणारा गेनू आणि ऐकणारा एकटा माणूस. लढाई नसली तरी घालायची, त्यावाचून गोष्ट पुढं जात नाही.

पुढचं थोडक्यात सांगते. गेनू लोणावळ्याला गेला, तिथून पुण्याला, तिथून कुठं कुठं ते सगळ्यांना ठाऊक आहे. माझं लग्न वडिवळ्याला झालं. तिथं सासऱ्यांनी, देव त्यांचं भलं करो, मला शिकायला नाही म्हटलं नाही. मुलं मोठी झाल्यावर मी घरून परीक्षा दिल्या आणि बालवाडीची बाई झाले. पुष्कळ पोरींच्या दोन दोन वेण्या मी घातल्या, सैल घातल्या. माझं काही वाईट झालं असं मला म्हणायचं नाही. गेनूनं बहीण म्हणून मला काही कमी केलं नाही. भाऊबीजेला तो दिल्लीतून येतो, पाया पडतो, माझ्या हातचं जेवतो. आई गेली तेव्हा माझ्या खांद्यावर डोकं ठेवून रडला. फक्त एक वाक्य मला त्याच्याकडून हवं होतं आणि ते मी कितीदा त्याच्या तोंडापर्यंत नेऊन ठेवलं. राबाचा विषय काढला की तो माझा हात हातात घ्यायचा, डोळे मिटायचा आणि म्हणायचा, ‘आक्के, तुझे उपकार मी कसे फेडू?’ उपकार म्हटलं की पुढं बोलायला जागाच राहत नाही. मी दिलेलंच नाही, तर फेडणार काय?

सभांमधून मात्र तो सांगत होता. डोंगरातली वाडी, अर्धं घर गुरांचं, आणि भावासाठी शाळा सोडणारी बहीण. मी टीव्ही बंद करायचे आणि सून पुन्हा लावायची. मग मागच्या वर्षी त्याला आत्ताचं मोठं पद मिळालं आणि लोणावळ्यात सत्कार ठरला, त्याचा आणि माझाही. मला जायचं नव्हतं. तो स्वतः न्यायला आला, दारात चपला काढून आत आला आणि म्हणाला आक्का नसेल तर मीही जात नाही. शेजारपाजारच्यांनी मला जवळजवळ ढकललंच. त्या हॉलमध्ये मला त्यागमूर्ती म्हणाले. शाल घातली. गेनू बोलला, आवाज कुठं खाली आणायचा ते त्याला अजून बरोबर कळतं, पहिल्या रांगेतल्या बायका पदर डोळ्यांना लावत होत्या. मग माईक माझ्यापुढं आला.

मी ठरवून गेले नव्हते. पण उभी राहिले आणि म्हणाले, ‘त्या दिवशी राब मी पेटवला होता. गेनू कळशी आणतो म्हणून गेला. मी अजून कळशीची वाट बघतेय.’

मी गेनूकडं बघितलं. त्यानंही माझ्याकडं बघितलं, अगदी सरळ, आणि त्या एका क्षणात तो मंत्री नव्हता, बांधावर उभा असलेला गेनू होता. मला वाटलं आता म्हणेल. मग तो हसला आणि त्यानं टाळ्या वाजवायला सुरुवात केली. सगळ्यात आधी त्यानंच. त्याचं बघून हॉलनं वाजवल्या. लोक उभे राहिले. कुणीतरी म्हणालं, काय साधी बाई आहे.

ते तिथंच संपलं असतं तर हे लिहायला मी बसले नसते. चार दिवसांनी सुनेनं टीव्हीसमोर मला हाक मारली, आत्या, मामा तुमच्याबद्दल बोलतायत. दिल्लीतल्या कुठल्याशा मोठ्या सभागृहात गेनू उभा होता. तो हिंदीत सांगत होता की आमच्या डोंगरात राब पेटवतात आणि ज्यानं पेटवला त्यानं तो विझेपर्यंत सोडायचा नाही अशी रीत आहे, आणि माझ्या परीक्षेच्या दिवशी माझ्या बहिणीनं तो राब मुद्दाम स्वतःच्या हातानं पेटवला, का, तर तिचा पाय निघू नये आणि मला जाता यावं. सभागृह टाळ्या वाजवत होतं. गेनूनं हात वर केला, आंब्याजवळून केला होता तसाच.

राब मी पेटवला होता, एवढं एकच माझ्याजवळ उरलं होतं आणि तेही मीच त्याच्या हाती दिलं. आता ही गोष्ट पुस्तकांत जाईल, पोरं शाळेत वाचतील, आणि गोष्ट चांगली आहे, त्यांना ती आवडेल. त्यातला राब खरा आहे, रीत खरी आहे, पेटवणारी मीच आहे. एवढंच त्यात नाही म्हणून इथं लिहून ठेवते. तो दिवस माझा होता.